दोरा न कापता

"आपण केस मागे घेऊ," सुवर्णा वकील म्हणाली, आणि रुद्रव्वानं कपबशी टेबलावर अशी आदळली की अर्धा चहा फायलीवर सांडला.

"काय म्हणालीस? परत म्हण."

"मागे घेऊ. आजच."

"मग काल फोनवर सांगायला काय झालं होतं? पहिली बस पकडून आम्ही काय तुझ्या घरचा चहा प्यायला आलो?"

शेजारी बसलेल्या मेहबूबीनं पदराच्या टोकानं फाईल पुसून घेतली. रुद्रव्वानं सांडायचं आणि मेहबूबीनं पुसायचं, हे गेली तीस वर्षं चालत आलं होतं आणि त्यांच्या गावात, कल्लनकेरीत, त्याचं कुणाला नवल राहिलं नव्हतं.

सुवर्णा कल्लूर चाळिशीची, धारवाडात वकिली करणारी, आवाज न चढवणारी बाई. तिनं फाईल स्वतःकडे ओढली. "काल संध्याकाळी पुरसभेनं उत्तर दिलंय. रात्री बसून वाचलं. आज न्यायमूर्ती ही केस फेटाळणार, रुद्रव्वा. मी कितीही बोलले तरी."

"फेटाळू देत. लढून हरलो म्हणून सांगू. मागे घेतली म्हणून कुठल्या तोंडानं सांगू? आठ महिने त्या गौडाला बाजारात उभा-आडवा घेतलाय मी."

ते मात्र खरं होतं. रुद्रव्वा साठीला टेकलेली, काडीसारखी, जाड भिंगांचा चष्मा लावणारी बाई. पण तिचं तोंड सुटलं की भले भले मिरचीभजीची पुडी तशीच धरून वाट बदलत. दर मंगळवारच्या बाजारात ती भाजीवाल्यांसमोर उभी राहून मोठ्यानं सांगायची, "हायकोर्टानं गौडाच्या हातातलं कुलूप काढून घेतलंय. आता तो ते गळ्यात घालून हिंडू दे."

भांडण होतं जकातीच्या घराचं. कल्लनकेरीच्या वेशीवर, जुन्या रस्त्याला लागून, दोन खोल्यांची ती दगडी इमारत. जकात बंद झाली तेव्हापासून तिथं उंदीर आणि जुगारी सोडून कुणी जात नव्हतं. चोवीस वर्षांपूर्वी पुरसभेनं, म्हणजे गावच्या नगरपालिकेनं, ती कसूतीचा कशिदा भरणाऱ्या बायकांना दिली. दिली म्हणजे काय, कुणालाच नको होती म्हणून दिली. बायकांनी ती झाडली, चुना मारला, कौलं बदलली. दोन्ही बाजूंनी येणाऱ्या गाड्या जकातदाराला दिसाव्यात म्हणून त्या घराला पूर्वेला आणि पश्चिमेला माणूसभर उंचीच्या खिडक्या होत्या. त्या खिडक्यांसाठीच रुद्रव्वानं त्या घरावर जीव टाकला होता. कसूतीला कापडावर छाप नसतो, रेघ नसते. कापडाचे दोरे मोजायचे आणि सुई घालायची. गोपूर असो, रथ असो, अंबारीचा हत्ती असो, सगळं मोजून. आणि काळ्या चंद्रकळेवर काळे दोरे मोजायचे तर उजेड लागतो, सूर्याचा. दिव्याखाली दोन दिवस मोजलं की डोळ्यांतून पाणी यायला लागतं आणि तिसऱ्या दिवशी हत्तीला पाच पाय होतात.

आता रस्ता रुंद झाला होता, आणि वेशीवरची जागा अचानक सगळ्यांना सुंदर दिसायला लागली होती. पुरसभेचा अध्यक्ष मल्लनगौडा याला तिथं दुकानांची दुमजली इमारत हवी होती. त्यानं बायकांना पंधरा दिवसांत घर सोडायची नोटीस दिली आणि बदल्यात मंडईमागची एक खोली देऊ केली. त्या खोलीला खिडकी नव्हती. "ट्यूबलाइट आहे की दोन-दोन!" असं गौडा म्हणाला, आणि त्याच दिवशी रुद्रव्वानं बावीस बायकांच्या सह्या घेऊन धारवाड गाठलं. हायकोर्टानं स्टे दिला. त्या स्टेवर आठ महिने बायका त्या उजेडात बसून होत्या.

"फेटाळली तर काय होईल ते सांगते," सुवर्णा म्हणाली. "आपण फक्त नोटिशीला आव्हान दिलंय. ते म्हणतात, नोटीस ठरावाप्रमाणे दिली, ठराव तर शाबूत आहे. आणि ठराव पटत नसेल तर आधी डीसी साहेबांकडे, जिल्हाधिकाऱ्यांकडे, जायचं असतं, तो थांबवायचा अधिकार त्यांना आहे. हे कोर्टानं आज लिहून टाकलं, वर 'या बायकांचा हक्क नाही' असंही लिहिलं, की पुढच्या प्रत्येक दारात तोच कागद आपल्या आधी जाऊन बसेल."

"कुठला ठराव? दाखव."

सुवर्णानं उत्तराच्या गठ्ठ्यातून एक कागद काढून दिला. कन्नडमध्ये टाइप केलेला, शिक्का मारलेला, नोटिशीच्या पाच दिवस आधीची तारीख. रुद्रव्वानं तो घेतला आणि वाचायच्या आधी उलटा केला.

तिला दोष देण्यात अर्थ नव्हता. कसूती भरणारी बाई लग्नाच्या पत्रिकेचीसुद्धा आधी मागची बाजू बघते. पुढची बाजू कुणीही छान करतं. खऱ्या कसूतीत मागची बाजू पुढच्यासारखीच दिसते; शिकलेली कोण आणि शिकाऊ कोण ते मागे कळतं. मागे गाठ दिसली, दोरा लोंबताना दिसला, की पुढचं बघायचं कारणच नाही.

ठरावाच्या मागे हजेरी होती. सभेला आलेल्या नगरसेवकांची नावं आणि नावांपुढे सह्या. रुद्रव्वाचं बोट नावांवरून खाली खाली गेलं आणि अकराव्या ओळीवर थांबलं.

"मेहबूबी, चष्मा लाव. हे वाच."

मेहबूबीनं चष्मा लावला. "काशव्वा हळेमनी, वॉर्ड सात." मग ती पुढची सही बघत राहिली. वळणदार, मोत्यासारख्या अक्षरात 'काशव्वा' लिहिलं होतं. "अगं बाई! ही कधी शिकली?"

"ही कुठली शिकते! तीन वेळा पाटी आणून दिली मी तिला. तिन्ही वेळा तिनं ती पापड वाळवायला घेतली."

काशव्वा राखीव वॉर्डातून निवडून आलेली नगरसेविका, गौडाच्याच गटाची. पण दुपारची भाकरी झाली की ती जकातीच्या घरात येऊन बसायची आणि तिच्याइतक्या वेगानं रथ भरणारी बाई कल्लनकेरीत दुसरी नव्हती. हजार दोरे न चुकता मोजायची, आणि कागद समोर आला की डाव्या हाताचा अंगठा पुढे करायची. ज्यानं कुणी ही हजेरी मागाहून बसून भरली, त्यानं भराभर सगळ्यांच्या सह्या ठोकताना काशव्वालाही एक ठोकून दिली होती.

"सभा झालीच नाही!" रुद्रव्वा उभीच राहिली. "चल कोर्टात. हा कागद न्यायमूर्तींच्या नाकासमोर धरते. आज गौडाला तिथंच उघडा पाडते की नाही बघ."

"बस खाली," सुवर्णा म्हणाली. तिचा आवाज पहिल्यांदाच जरा बदलला होता. मागची बाजू तिनंही पाहिली होती, पण तिला ती नुसती हजेरी वाटली होती. "रुद्रव्वा, हे सोनं आहे. पण हे इथं विकलं जात नाही. सही खरी की खोटी, सभा झाली की नाही, याला साक्षी लागतात, काशव्वाला उभं राहून सांगावं लागतं, मूळ वही मागवावी लागते. आपण केलेल्या या केसमध्ये कोर्ट त्या भानगडीत पडत नाही. डीसीकडे ते होतं. तिथं नाही झालं तर दिवाणी कोर्टात होतं. आणि त्यानंतर गरज पडली तर परत इथंच यायचं. म्हणून सांगते, आज मागे घ्यायची, आणि परत यायची मुभा मागून घ्यायची. ती मुभा लिहून घेतली नाही तर मात्र मागे घेतली म्हणजे संपलंच."

रुद्रव्वानं तिथूनच काशव्वाला फोन लावला. पलीकडे आधी भांड्यांचा आवाज आला, मग काशव्वाचा. रुद्रव्वानं ठरावाची तारीख सांगून सभेचं विचारलं.

"रुद्रक्का," काशव्वा पुटपुटली, "सभा नाही झाली. त्या दिवसांत शिपाई एकदाच वही घेऊन आला होता, नळाच्या कामाला अंगठा दे म्हणाला, दिला. या घराच्या ठरावाचं कुणी विचारलंसुद्धा नाही. पण मला यात ओढू नको. घरातल्या पोराला गौडानंच कामाला लावलंय. तुझ्या पाया पडते." आणि फोन बंद झाला.

रुद्रव्वानं तोंडातल्या तोंडात शिवी दिली. तिला काशव्वाचा राग आला, मग राग आला म्हणून स्वतःचा राग आला. पोराचं कारण खोटं नव्हतं. खिडकीबाहेर लाइन बझारच्या पेढ्यांच्या दुकानांकडून खव्याचा वास येत होता आणि तो वाससुद्धा तिला त्या वेळी सहन झाला नाही.

"मागे घेतल्यावर स्टेचं काय?" तिनं विचारलं.

"स्टेही जातो," सुवर्णानं लपवलं नाही. "डीसीकडे जाईपर्यंत काही आठवडे आहे तसं राहू द्या, अशी विनंती करीन. मिळेल याची खात्री देत नाही."

"म्हणजे संध्याकाळी गौडा कुलूप लावू शकतो."

"लावू शकतो."

रुद्रव्वा आपल्या तर्जनीकडे बघत होती. सुईनं टोचून टोचून त्या बोटाची चाळण झाली होती. तिला तिची मास्तरीण आठवली, नवलगुंदची नीलांबिका, जिनं तिला नवव्या वर्षी पहिली सुई दिली. एकदा गोपूर भरताना रुद्रव्वाचा एक दोरा मोजायचा चुकला. वीस ओळी पुढे गेल्यावर कळस एका बाजूला कललेला दिसला. तिनं रडत कात्री उचलली तर मास्तरणीनं तिच्या मनगटावर फटका मारला. कापायचं नाही. कापलं की जोडायला गाठ लागते, आणि गाठ म्हणजे कापड गेलं. ज्या भोकातून सुई आली त्याच भोकातून एक एक टाका परत जायचं, चूक झाली तिथवर. दोरा सुईत तसाच राहतो, मग त्याच दोऱ्यानं परत निघायचं. त्या दिवशी संध्याकाळपर्यंत ती उलटी चालत होती, आणि आजूबाजूच्या पोरी हसत होत्या. हसल्या त्या हसल्या. ते गोपूर अजून कुणाच्या तरी चंद्रकळेवर सरळ उभं असेल.

"ती मुभा," रुद्रव्वा म्हणाली, "कागदावर कशी लिहितात?"

सुवर्णानं अर्ज टाइप केलाच होता. इंग्रजी. रुद्रव्वाला इंग्रजी ओ की ठो कळत नव्हतं. सुवर्णानं एका शब्दाखाली पेन्सिलीनं रेघ मारली. "हा. लिबर्टी. सगळा जीव यात आहे."

रुद्रव्वानं चष्मा कपाळावर सरकवला आणि कागद नाकाशी नेला. मग बोटानं एक एक अक्षर दाबत मोजलं. "सात घरं. पहिला उभा. दुसरा बुटका, डोक्यावर टिंब. तिसरा उभा, पुढे पोट आलेलं. मग गोल, मग आकडा, मग आडवी काडी मारलेला उभा. आणि शेवटी खाली लोंबणारी शेपटी." तिनं डोळे मिटून एकदा हवेत बोट फिरवलं. मेहबूबीनंही फिरवलं. "बसला. चल आता."

कोर्टात त्यांचा नंबर यायला वेळ होता. सुवर्णा दुसऱ्या हॉलमध्ये एका कामाला गेली आणि या दोघी बाहेरच्या बाकावर शेंगाचटणी-भाकरीची पुरचुंडी सोडून बसल्या. पहिला घास तोंडात गेला न गेला तोच पुढ्यात पांढरे स्वच्छ कपडे येऊन उभे राहिले. मल्लनगौडा. हातात एक कागद, चेहऱ्यावर लग्नघरातलं हसू.

"जेवा, जेवा, सावकाश जेवा. रुद्रव्वा, ऐकलं ते खरं का? शहाणपण सुचलं म्हणे."

"तुझ्या कानापर्यंत पोचलं का? तुझे कान लांब आहेत हे ऐकून होते."

गौडानं ते हसण्यावारी नेलं. "तुझ्या वकीलबाईचा कागद आमच्या वकिलाला मिळालाय. मागेच घ्यायचीय, तर हा आमचा कागद घे. यात सुटसुटीत लिहिलंय. सही केलीस की पाच मिनिटांत मोकळे. आणि ऐक, मी काही राक्षस नाही. मंडईच्या खोलीला खिडकी पाडून देतो. शब्द देतो."

मेहबूबीचा घास हातात राहिला. "खिडकी म्हणतोय गं," ती हळूच म्हणाली. तिचे डोळे रुद्रव्वापेक्षाही वाईट होते. पावसाळ्यात ती नुसतं बोटांनी चाचपून मोजायची. खिडकी या शब्दानं तिचा चेहरा जो उजळला तो रुद्रव्वानं बघितला. आज सगळं हरलो तर ती खिडकीही गेली. गौडाचा शब्द म्हणजे काय ते ठाऊक असूनही तिला क्षणभर मोह झाला, हे कबूल केलं पाहिजे.

"आण तो कागद."

गौडानं पेनाचं टोपणही काढून ठेवलं. रुद्रव्वानं भाकरीचे हात लुगड्याला पुसले, कागद घेतला आणि ओळीवरून बोट फिरवायला लागली. वरून खाली. मग खालून वर. अध्यक्षसाहेब तिच्याकडे बघत होते आणि त्यांचं हसू बारीक होत चाललं होतं.

"तू काय वाचतेस? इंग्रजी आहे ते."

"शेपटी शोधतेय."

"कसली शेपटी?"

रुद्रव्वानं कागद उलटला. मागची बाजू कोरी. तिनं तो चारदा घडी घालून त्याच्या हातात परत दिला. "तुझ्या मागं सतरा शेपट्या हिंडत्यात गौडा, आणि कागदात मेली एक न्हाई! ज्यात सात घरांचा तो शब्द न्हाई, त्यावर मी सही करत न्हाई. मेहबूबी, जेव. गार भाकरी चिवट होते."

"पस्तावशील, म्हातारे."

"पस्तावले तर तुला बोलवून घेईन. पेढे आण येताना."

हॉलमध्ये गेल्यावर रुद्रव्वाला पुढचं सगळं इंग्रजीत ऐकावं लागलं. सुवर्णा बोलली. न्यायमूर्तींनी चष्म्यावरून बघितलं. पुरसभेचा वकील उठला, आणि त्याच्या तोंडून तो शब्द आला: लिबर्टी. नाक मुरडून आला. तो शब्द देऊ नये असंच म्हणत असणार, एवढं कळायला शाळा लागत नाही. सुवर्णानं ठरावाची प्रत वर करून तिची मागची बाजू दाखवली. मग ती परत म्हणाली, लिबर्टी. तो म्हणाला, लिबर्टी. रुद्रव्वा बाकाखाली बोटं मोजत होती. चार. पाच. मेहबूबीनं तिचं मनगट इतकं घट्ट धरलं होतं की बांगडीचा वळ उठला.

मग न्यायमूर्ती कन्नडमध्ये म्हणाले, "यातल्या रुद्रव्वा कोण?"

ती उभी राहिली. तिचं तोंड कधी अडखळलं नव्हतं, ते आज का अडखळेल!

"तुमच्या वकील केस मागे घ्यायचं म्हणतात. तुमच्या मनानं घेताय ना? कुणी दबाव आणलेला नाही ना?"

"माझ्याच मनानं घेतेय, साहेब. पण घरी जाऊन बसायला न्हाई घेत. परत यायला घेतेय. तेवढं लिहून द्या."

हॉलमध्ये एक-दोन काळे कोट हसले. न्यायमूर्ती हसले नाहीत, त्यांनी मान हलवली आणि शेजारी बसलेल्या लेखनिकाला आदेश सांगायला सुरुवात केली. पहिलंच वाक्य होतं केस मागे घेतल्याचं. मागच्या बाकावर मल्लनगौडा होता. त्याला तेवढं इंग्रजी येत होतं. तेवढंच येत होतं. तो ताडकन उठला, न्यायमूर्तींना हात जोडून फोन कानाला लावत बाहेर पडला. त्याचा वकील पुढच्या कामाचे कागद चाळत होता. आदेशाची आणखी तीन वाक्यं बाकी होती. माणसाला धीर हवा.

सहाव्यांदा तो शब्द आला तो न्यायमूर्तींच्या तोंडून, आणि त्यात नाक मुरडणं नव्हतं.

दुपारी सुवर्णानं आपल्या टेबलाशी बसून डीसी साहेबांना द्यायचा अर्ज तयार केला, कन्नडमध्ये, बावीस नावांचा. खाली एक वेगळं निवेदन होतं: ठरावाच्या दिवशी सभा झाली नाही, हजेरीतली सही माझी नाही. त्याखाली काशव्वाचं नाव आणि नावापुढे कोरी जागा. "ही जागा भरली नाही तर?" मेहबूबीनं विचारलं. सुवर्णानं खांदे उडवले नाहीत की धीरही दिला नाही. "तर फार जड जाईल," ती म्हणाली.

बस कल्लनकेरीच्या वेशीवर आली तेव्हा उन्हं पश्चिमेच्या खिडक्यांवर आली होती आणि हलगी वाजत होती.

जकातीच्या घरासमोर माणसं जमली होती. तिघे हलगीवाले, पुरसभेचे दोन शिपाई, आणि मधोमध गौडा, हातात वीतभर लांबीचं नवं कोरं कुलूप. त्याच्या शेजारी काशव्वा, मान खाली घालून, हातात पेढ्यांचा खोका. वाटायचं काम तिच्याकडे दिलं होतं. ती वाटत नव्हती, नुसती धरून उभी होती. दारातून आतल्या बायका दिसत होत्या. वीसच्या वीस जणी मांडीवर कापड घेऊन बसलेल्या, आणि कुणाचीही सुई चालत नव्हती.

"आली! आली बघा राणी चन्नम्मा!" गौडा ओरडला. "केस मागे घेऊन आली! बायांनो, उठा आता. तुमच्या पुढारणीनंच तुम्हाला उठवलंय."

आतल्या एकीनं विचारलं, "खरं का गं अक्का? मागे घेतलीस?"

"घेतली," रुद्रव्वा म्हणाली. आतून कुणाचा तरी हुंदका आला. ती तशीच चालत गौडासमोर गेली. "गौडा, खोका मोठा आणलायस. बोलवायच्या आधीच आणलास. आता सांग, आदेश शेवटपर्यंत ऐकलास का?"

"काय ऐकायचं? मागे घेतली, स्टे संपला, विषय संपला."

"वकिलाला फोन लाव."

"मला शिकवू नको."

"लाव की! घाबरतोस का फोनला? मी बसते इथं. तुझं कुलूप मोडलं तर कोर्टात भरून द्यायला मी समर्थ आहे, पण लावलंस तर तुला तीन आठवड्यांच्या आत न्यायमूर्तींसमोर कान धरून उभं राहावं लागेल. तीन आठवडे जैसे थे. आणि परत यायची मुभा. लिहून दिलंय. तू दारातून बाहेर पडलास ना, त्याच्यानंतरचं वाक्य."

गौडानं फोन लावला. हलगीवाले एकमेकांकडे बघत थांबले. गौडा "हो" म्हणाला, "कधी?" म्हणाला, आणि मग नुसता ऐकत राहिला. त्याच्या मानेवरची शीर तट्ट फुगली. शिपायांपैकी एकानं पटकन तोंड फिरवलं, हसू आलं असावं.

"थांबलात का रे?" रुद्रव्वा हलगीवाल्यांना म्हणाली. "एवढं लांबून आणलंय तुम्हाला. वाजवा. जैसे थेचं वाजवा."

त्यांनी खरंच वाजवलं, थोडंसं, मग गौडाकडे बघून थांबवलं.

"तीन आठवडेच ना?" गौडानं फोन खिशात टाकला. "तीन आठवडे मोजा. दोरे मोजता तसे. मग बघू डीसी काय करतो. ठराव आहे आमच्याकडे, सगळ्यांच्या सह्या आहेत."

रुद्रव्वा काशव्वाकडे वळली नाही. सगळ्या वाटेभर, बसमध्ये, तिनं काय काय बोलायचं ते जुळवलं होतं: शपथ घालायची, भांडायचं, लाज काढायची. पण खोका धरून उभी असलेली ती बाई बघितल्यावर यातलं काहीच तोंडातून बाहेर येईना. तिला तिची दया आली, आणि तिच्या पोराचीही. तिनं पिशवीतून अर्ज काढला, पश्चिमेच्या खिडकीच्या दगडी कट्ट्यावर ठेवला आणि वाऱ्यानं उडू नये म्हणून वर कात्री ठेवली. माल पाठवताना शिक्का मारायचं शाईचं पॅड तिथंच होतं. मग ती आत जाऊन आपल्या जागेवर बसली. "चला गं," ती म्हणाली, "उन्हं आहेत तोवर कामाला लागा."

सुया चालायला लागल्या. मेहबूबी खिडकीशी बसली आणि अर्धवट हत्ती मांडीवर घेतला.

बाहेर पेढ्यांचा खोका कट्ट्यावर ठेवल्याचा आवाज आला.

"काशव्वा," गौडा म्हणाला, अगदी गोड आवाजात, "चल, घरी सोडतो. पोरगा वाट बघत असेल."

"त्याचं काम काढून घ्यायचं तर घ्या साहेब," काशव्वा म्हणाली. तिचं बोलणं सगळ्यांना ऐकू गेलं. "चार वर्षं अंगठा देतेय मी तुम्हाला. नळाला दिला, गटाराला दिला, दिव्याला दिला. कधी विचारलं नाही कशाला. आणि तुम्हाला माझा अंगठासुद्धा लक्षात राहिला नाही?"

तिनं पॅडचं झाकण उघडलं. डावा अंगठा शाईवर नीट, दोन्ही बाजूंनी फिरवून दाबला, जणू आयुष्यात पहिल्यांदाच देत होती. कात्री बाजूला केली. कोरी जागा कुठली ते तिला वाचता येत नव्हतं. "रुद्रक्का, कुठं?"

रुद्रव्वा उठून आली आणि बोट ठेवलं. "इथं."

काशव्वानं अंगठा टेकवला आणि सगळं अंग त्यावर रेलून दाबला. मग निळा अंगठा तसाच वर करून गौडाला दाखवला. "ही माझी सही. नीट बघून घ्या साहेब, परत चुकू नका."

गौडा कुलूप घेऊन गेला. शिपाई आधीच गेले होते. हलगीवाल्यांपैकी म्हाताऱ्यानं जाता जाता खोक्यातला एक पेढा उचलला, आणि कुणी काही म्हणत नाही असं बघून दुसरा.

रुद्रव्वानं अर्ज खिडकीतल्या उन्हात धरला, शाई वाळावी म्हणून दोनदा फुंकर मारली, आणि सवयीनं कागद उलटा केला. अंगठा आरपार उमटला होता. मागची बाजू पुढच्यासारखीच दिसत होती.